साजटोल्याच्या थांब्याची फी

साजटोल्याहून तालुक्याला जाणारी बस सकाळी किती वाजता सुटते, असं गावात कुणालाही विचारून पाहा. घड्याळाचं नाव कुणी काढणार नाही. "गोदावरीबाईच्या टोपल्या चढल्या का सुटते," एवढंच उत्तर मिळेल, आणि ते सोळा आणे खरं आहे. गोदावरीबाई तलावाच्या पाळीखाली, म्हणजे बांधाखालच्या ओलीवर, वांगी, भेंडी, कोथिंबीर लावते आणि लाखांदूरला नेऊन विकते. तिच्या टोपल्या टपावर चढेपर्यंत चिंधू दोनाडकर स्टिअरिंगवर हात ठेवून शांत बसलेला असतो. मागून कुणी कुरकुर केलीच, तर आरशात बघून तो म्हणतो, "तुमच्या लेकीले आनाले गेलो होतो तवा थांबलो होतो का नाई? मंग बसा चूप." कुरकुरणारा खरोखरच चूप बसतो, कारण ज्याच्यासाठी चिंधू कधी थांबला नाही असं घर गावात शोधूनही सापडायचं नाही.

चिंधू हे काही बसमालकाला शोभणारं नाव नव्हे, पण ते त्याच्या हातात नव्हतं. आधीची दोन लेकरं पाळण्यातच गेली, म्हणून आईने या तिसऱ्याला चिंधी म्हणून टाकलं, मरणाला त्याचा मोह पडू नये एवढ्याचसाठी. मरणाला मोह पडला नाही. उलट पन्नाशी ओलांडलेला चिंधू आता असा भरला आहे, की स्टिअरिंग आणि त्याचं पोट यांच्यात रोज सकाळी नव्याने तडजोड करावी लागते. घर धानाचं. भाऊ बांध्यांमध्ये राबतात, तलावात पाणी असलं तर उन्हाळी धानही घेतात. याचं मन मात्र लहानपणापासून इंजिनात. नागपूरला लोकांच्या गाड्या चालवून चालवून त्याने एक जुनी बस घेतली, तिच्या कपाळावर लाल अक्षरांत 'मातामाय' असं गावदेवीचं नाव रंगवून घेतलं आणि ती थेट गावी आणली.

बायको आनंदाबाईने तेव्हा एकच अट घातली होती. बस कुठंही फिरव, पण ती गावात आली पाहिजे. या अटीमागे जुना राग होता. दिघोरीच्या डांबरी रस्त्यावरचा फाटा गावापासून चांगलाच लांब, आणि एसटी आली तरी फाट्यावरूनच निघून जायची. आनंदाबाई नवी नवरी म्हणून आली ती त्या फाट्यापासून चिखल तुडवत, चपला हातात धरून आणि लग्नाची साडी गुडघ्यापर्यंत उचलून. "सासर पाहाच्या आंधी चिखल पाह्यला मी," हे ती अजून सांगते आणि सांगताना अजून चिडते. म्हणून चिंधूने पहिल्याच दिवशी बस फाट्यावरून आत वळवली आणि तलावाच्या पाळीवरच्या मोहाच्या झाडाखाली आणून उभी केली. तोच साजटोल्याचा थांबा. म्हणजे थांबा असं म्हणायचं, इतकंच. एक झाड, झाडाखाली धूळ आणि धुळीत बसलेली माणसं, याच्यापलीकडे तिथे काही नव्हतं. कोर्टकज्जा झाला तो याच 'काही नव्हतं'वरून.

सरपंच कृष्णराव वाईट माणूस नाही, हे आधीच सांगितलेलं बरं, नाहीतर वाचणारे उगाच त्याच्यावर दात धरतील. सडसडीत अंग, इस्त्रीचा पांढरा शर्ट, आणि बोलण्यात सारखा 'नियमाप्रमाणे'. निवडून आल्यावर त्याला जिल्ह्याच्या गावी प्रशिक्षणाला बोलावलं. ग्रामपंचायतीने सारखं सरकारकडे बघत बसू नये, स्वतःचं उत्पन्न उभं करावं, असं तिथे कुणीतरी समजावून सांगितलं. बाकीचे सरपंच जेवून घरी गेले. कृष्णरावाला मात्र ते मनापासून पटलं, आणि एखादी गोष्ट मनापासून पटलेल्या माणसाइतका त्रास गावाला दुसरा कुणी देत नाही. तो उत्पन्न शोधत गावभर हिंडला. गावात आठवडी बाजार नाही, कारखाना नाही, खाण नाही. हिंडता हिंडता त्याची नजर मोहाखाली उभ्या असलेल्या बसवर पडली.

पंचायतीचा ठराव झाला. गावाच्या हद्दीत थांबणाऱ्या खासगी बसने दर फेरीला थांबाशुल्क भरावं. भरायचं नसेल तर बस फाट्यावरच उभी करावी, आत आणू नये. शिपायाने ठरावाची नोटीस आणून दिली तेव्हा चिंधू चाकाखाली अर्धा शिरलेला होता. तो तसाच, हाताला ग्रीस, पंचायतीत गेला.

"सरपंच, फी थांब्याची म्हनता. थांबा कुठं आहे?"

"मोहाखाली."

"मोह त माह्या आज्याच्या आंधीचा आहे. पंचायतीनं लावला का?"

"लावला नसन. पन हद्दीत आहे. नियमाप्रमाणे घेता येते."

"मंग हद्दीतल्या वाऱ्याची पन फी घ्या ना. तो बी खिडकीतून फुकटच येते."

रक्कम म्हणाल तर किरकोळ होती. चिंधू त्याहून जास्त चहात उडवायचा. पण त्याच्या वाटेवर साजटोल्यासारखी आतली गावं आणखीही होती आणि तिथल्या सरपंचांनाही हे प्रशिक्षण झालेलं होतं. एका गावाने घेतलं की सगळी घेणार. मग प्रत्येक झाडाखाली पावतीबुक घेऊन एकेक माणूस उभा राहणार आणि बस आत वळवणं परवडेनासं होणार. डांबरी रस्त्याने सरळ जायचं आणि फाट्याफाट्यावर माणसं घ्यायची, एवढंच उरणार. धंद्याच्या दृष्टीने ते सोयीचंही होतं. पण मग गोदावरीबाई डोक्यावर टोपल्या घेऊन फाट्यापर्यंत चालणार, कॉलेजच्या पोरी भर उन्हात चालणार, आणि कुणाची नवी सून परत चपला हातात धरून गावात शिरणार. चिंधूला हे नको होतं. नको म्हणजे नकोच होतं. त्या रात्री त्याला जेवण गेलं नाही, आणि चिंधूला जेवण न जाणं ही त्या घरातली मोठीच बातमी.

"कोर्टात जातो," तो आनंदाबाईला म्हणाला.

"जा ना मंग. मले कायले विचारता?" असं म्हणून तिने लग्नाकार्यात घालायचा त्याचा ठेवणीतला शर्ट पेटीतून काढून ठेवला.

लाखांदूरला दामिनी नावाची तरुण वकील होती. माहेर मोहाडीचं, बोलणं फटकळ आणि डोकं साफ. तिने नोटीस वाचली आणि चिंधूला खुर्चीत बसवलं.

"काका, कर वेगळा अन् फी वेगळी. फी घ्याची असन त बदल्यात काहीतरी द्या लागते. शेड, पानी, बसाले बाक, असं काही. पंचायतीनं तिथं काय देल्लं?"

चिंधूने विचार केला. "धूळ आहे बम, पायजे तेवढी."

"धुळीची फी लागत नाही," दामिनी हसली. "आपल्याले एवढंच सिद्ध कराचं आहे, का पंचायतीनं तिथं काहीच केलं नाही."

"एवढंच? मंग केस आपन जिंकलीच समजा. काहीच नाई ते दाखवाले साजटोल्यासारखं गाव तुमाले जिल्ह्यात भेटनार नाई."

दावा दाखल झाला. निकाल लागेपर्यंत आहे तसंच चालू द्या, असं कोर्टाने सांगितलं. बस गावात येत राहिली आणि तारखा पडू लागल्या.

आता गंमत अशी, की कृष्णरावाकडे मोटरसायकल होती, पण त्याच्या मणक्यात गॅप. डॉक्टरने मोटरसायकल बंद केलेली. म्हणजे चिंधूविरुद्धच्या तारखेला जायला सरपंचाला चिंधूचीच बस. पहिल्या तारखेला तो मान ताठ करून चढला आणि मागे जाऊन बसला. मागे धक्के फार. पुढच्या वेळी तो मध्यावर आला, त्याच्या पुढच्या वेळी ड्रायव्हरच्या बाजूच्या सीटवर. चिंधूचा कंडक्टर विनोद तिकीट फाडायला आला की सरपंच मुद्दाम मोठ्याने म्हणायचा, "पूर्ण तिकीट घे. मी कोनाचे उपकार घेत नाई." विनोदही मुद्दाम तितक्याच मोठ्याने म्हणायचा, "घेतलं जी, पूर्ण घेतलं." कोर्टात दोघं दोन बाजूंना उभे राहायचे. त्यांचे वकील एकमेकांवर तुटून पडायचे आणि हे दोघं मध्येच एकमेकांना खूण करून विचारायचे, चहा आता का नंतर. परत येताना सरपंच धानाच्या किडीबद्दल सांगायचा आणि चिंधू त्याला मणक्याचा व्यायाम शिकवायचा. बसमधली माणसं तारखेच्या दिवशी मुद्दाम पुढच्या सीट धरून बसायची.

एकदा मात्र दामिनी चिंधूवर खरोखर संतापली. त्या तारखेला पंचायतीच्या वकिलाने आधीच कळवलं होतं की तो बाहेरगावी आहे, सरपंचच हजर राहील. आणि नेमका त्या सकाळी सरपंच थांब्यावर नव्हता. गोदावरीबाईच्या टोपल्या चढल्या, विनोदने घंटी दिली, बस काही हलली नाही. चिंधूने हॉर्न वाजवला. परत वाजवला. मग विनोदला घरी पिटाळलं. सरपंच आंघोळीला बसला होता. तो ओल्या केसांनी, शर्टाची बटणं लावत धावत आला आणि सगळे कोर्टात कसेबसे वेळेवर पोचले.

"तो आला नसता त तिकडून कोनीच हजर नसतं, आपलं काम तिथंच झालं असतं, काका!" दामिनी बाहेर व्हरांड्यात म्हणाली. "तुमीच त्याले घेऊन येता? मंग मी कायले उभी आहे इथं?"

"थांब्यावरचं मानूस सोडून बस हाकलता येत नाई मले, वकीलबाई," चिंधू अपराधी चेहऱ्याने म्हणाला. "सरपंच असो का बकरी असो." तिला राग आवरेना आणि हसूही आवरेना.

शेवटी कोर्टाने एक कमिशनर नेमला. कमिशनर म्हणजे कोर्टाच्या वतीने जागेवर जाऊन, डोळ्यांनी बघून, काय आहे आणि काय नाही ते लिहून आणणारा माणूस. पिकलेल्या केसांचे एक ज्येष्ठ वकील होते ते. तारीख ठरली ती ऐन उन्हाळ्यातली. आदल्या दिवशी चिंधू लग्नाची वरात घेऊन कोंढ्याला गेला होता आणि मुक्काम तिथेच होता. म्हणजे गावाला आवरायला गावात कुणीच नव्हतं.

गावकरी संध्याकाळी मोहाखाली जमले. तुलाराम हा गावातला बोलका शेतकरी. त्याने विषय काढला. "उद्या कोर्टाचे साहेब आपला थांबा पाहाले येऊन राह्यले. अन् आपला थांबा पाहा. बसाले जागा नाई, पानी नाई. साहेब म्हनन, असल्या जागी बस कायले आनता, न्या फाट्यावर. झालं मंग कल्यान!"

सगळे हादरले. हे कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं. साहेब जागा बघायला येणार म्हणजे जागा चांगली दिसायला हवी, यात शंका घ्यायला कुणाला वावच नव्हता. घर बघायला पाहुणे येणार असले तर आपण सारवतो का उकिरडा दाखवतो?

"चिंधूनं आपल्यासाठी इतके वर्ष बस गावात आनली," गोदावरीबाई म्हणाली. "आपन त्याच्यासाठी एक मांडव नाई घालू शकत का?"

मग काय विचारता. तुलारामच्या घरी पुतणीचं लग्न होतं, त्याचे बांबू आले. जांभळीच्या हिरव्या डहाळ्या तोडून आणल्या. बायांनी पाळीवरची धूळ शेणसड्याने बसवली, रांगोळीचे चौक घातले. चंद्रभागाबाईच्या घरून खाट आली, कुणाच्या घरून बाक आला, सरपंचाच्या बायकोने, सुलोचनाबाईने, लग्नात आलेली नवीकोरी दरी, म्हणजे सतरंजी, आणून दिली. माहेरी जायला तिला तरी दुसरी बस कुठे होती? गोदावरीबाईने पितळेचा गुंड चिंचेने घासून लखलखीत केला आणि त्यात वाळा टाकून पाणी भरलं. रात्री घरी जाताना गाव स्वतःवरच खूश होतं.

सकाळी चिंधू लाखांदूरहून दामिनीला घेऊन आला. बस पाळीवर वळली आणि त्याने असा ब्रेक मारला की दामिनीचं डोकं समोरच्या दांडीला लागलं.

"काका," ती कपाळ चोळत म्हणाली, "हे काय आहे?"

मोहाखाली हिरवागार मांडव उभा होता. मांडवात दरी, दरीवर बाक, खाट, पाण्याचा गुंड. रांगोळीत तर कुणीतरी हौसेने बससुद्धा काढली होती, खिडक्यांसकट.

"तुमी म्हटलं होतं, तिथं काहीच नाही."

"परवापर्यंत नव्हतं वं, बाई," चिंधू कसाबसा म्हणाला.

तेवढ्यात गोदावरीबाई पदराला हात पुसत खिडकीशी आली. तिचा चेहरा आनंदाने फुलला होता. "कसं दिसून राह्यलं गा, चिंधू? तुह्यासाठी केलं."

चिंधूला तिच्यावर ओरडावंसं वाटलं, कपाळ बडवून घ्यावंसं वाटलं आणि तिच्या पायाही पडावंसं वाटलं. दोन वर्षं लढलेली केस गावाने एका संध्याकाळी, प्रेमापोटी, मातीत घातली होती. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. "झकास दिसून राह्यलं, मावशी," तो म्हणाला. दुसरं काही त्याला बोलताच आलं नसतं.

कमिशनरसाहेब उन्हातून आले ते सरळ मांडवात शिरले. खाटेवर टेकले, वाळ्याचं पाणी प्यायले, परत मागून प्यायले. मग कागद काढला. पंचायतीच्या वकिलाला तर लॉटरी लागल्यासारखं झालं होतं. "लिहा साहेब," तो म्हणाला, "प्रवाशांसाठी सावली, पिण्याचं थंड पाणी, बसण्याची उत्तम सोय. सगळं पंचायतीतर्फे."

"साहेब, हे सगळं कालच उभं केलेलं आहे," दामिनी म्हणाली.

"बाई, मला दिसतं ते मी लिहिणार," कमिशनर म्हणाले, आणि ते काही चूक नव्हतं. कृष्णराव खांबाला टेकून उभा होता. तो जिंकत होता, पण मान खाली घालून पायाच्या अंगठ्याने रांगोळी मोडत होता.

चिंधू बसच्या पायरीवर बसून राहिला. आता उद्यापासून फाटा, एवढंच त्याच्या डोक्यात फिरत होतं.

पण कार्य उरकलं की ज्याची भांडी त्याने लगेच न्यायची, ही गावाची रीत. राहू दिली तर अदलाबदल होते आणि पुढचं वर्षभर भांडणं चालतात. साहेब पाणी प्यायले, त्यांनी थांबा पाहिला, कागदावर लिहूनही घेतलं. बायांच्या दृष्टीने कार्य उरकलं. चंद्रभागाबाईने साहेबांना मोठ्या आदराने खाटेवरून उठवलं आणि खाट डोक्यावर घेतली. तुलारामला बांबू लग्नाला हवे होते. तो दोऱ्या सोडायला लागला. गोदावरीबाई उरलेलं पाणी मोहाच्या बुडाशी ओतून गुंड उचलून निघाली.

"ओ बाई! ठेवा तो!" पंचायतीचा वकील ओरडला. "पंचायतीच्या मालमत्तेला हात लावू नका!"

गोदावरीबाई थांबली. वळली. तिने गुंड वकिलाच्या पुढ्यात खणकन ठेवला.

"कोनाची मालमत्ता? वाच. वाचता येते ना तुले? माह्या लग्नात मामानं देल्लेला गुंड आहे हा. नाव घातलं आहे त्याच्यावर. पंचायतीचं नाव दिसते का कुठं?"

आपल्याकडे घरातल्या प्रत्येक भांड्यावर नाव घालतात, हे वकिलाला माहीत नसेल असं नाही. पण त्या क्षणी ते त्याला आठवायला नको होतं. कमिशनरसाहेबांनी चष्मा लावला, गुंड फिरवून मामाचं आणि भाचीचं नाव वाचलं. मग पेला उलटा करून वाचला. त्यावर चंद्रभागाबाई. बाकाच्या पाठीवर तुलारामच्या बापाचं नाव रंगवलेलं.

"वकीलसाहेब, यातलं पंचायतीत कोण आहे?" त्यांनी शांतपणे विचारलं.

इतक्यात सुलोचनाबाई आपली दरी झटकायला लागली. तिच्याकडे बघून वकील म्हणाला, "निदान दरी तरी..."

"दरी माही आहे," सुलोचनाबाई म्हणाली आणि तिने नवऱ्याकडे असं पाहिलं की आजूबाजूचे दोघे-तिघे मागे सरकले. "माह्या घरची दरी पंचायतीची कवा झाली जी?"

कमिशनरांनी सरपंचाकडे मोर्चा वळवला. "सरपंच, तुम्ही सांगा. ही दरी कुणाची?"

कृष्णरावाने वकिलाकडे पाहिलं, बायकोकडे पाहिलं, बसच्या पायरीवर बसलेल्या चिंधूकडे पाहिलं. घाम पुसला. एक 'पंचायतीची' म्हणायचा अवकाश, केस त्याची होती.

"माह्या बायकोची," तो म्हणाला. "अन् बाकीचं गावाचं. पंचायतीचं इथं काई नाई, साहेब. आजवर काई केलंच नाई आमी."

मांडव तोवर पूर्ण सुटला होता. साहेबांच्या डोक्यावर ऊन आलं, पायाखाली विस्कटलेली रांगोळी उरली. ते उभ्याउभ्याच आणखी बराच वेळ लिहीत राहिले आणि लिहिताना हसत होते.

निकाल लागला तेव्हा धान निसवलं होतं, लोंब्या बाहेर पडल्या होत्या. पंचायतीने सोय केलेली नाही, म्हणून फी घेता येणार नाही. बसला गावात यायची मनाई करणारा ठराव रद्द. पुढे खरोखर थांबा बांधला तर वाजवी फी घ्यायला हरकत नाही. दामिनीने चिंधूला पेढे भरवले. चिंधूने त्यातले दोन रुमालात बांधले, एक आनंदाबाईला आणि एक सरपंचाला. आनंदाचं म्हणाल तर त्याला इतका आनंद झाला होता की कोर्टाच्या आवारात तो वाट चुकला.

परतीच्या बसमध्ये सरपंच ड्रायव्हरच्या बाजूला बसला नाही. मागे, धक्क्यांच्या सीटवर जाऊन बसला. पेढा त्याने घेतला, पण खाल्ला नाही. गावात निकाल फोनवरून पोचला होता आणि पाळीवर लोक जमलेत हे विनोदने चढतानाच सांगितलं होतं. फाटा जवळ आला तसा सरपंच उठून दारात आला.

"थांबव, चिंधू. मी इथंच उतरतो. जाईन पायी."

"मनक्यात गॅप आहे ना तुमच्या?"

"असू दे. आज गावात बसमधून उतराचं जमनार नाई मले. लोकं हासतीन."

चिंधूने आरशात पाहिलं. इस्त्रीच्या शर्टातला तो सडसडीत माणूस दांडी धरून, खाली मान घालून उभा होता. खोटं बोलून जिंकता आलं असतं आणि तो खरं बोलला होता.

"फाट्यावर आपली बस थांबत नाई, सरपंच," तो म्हणाला आणि त्याने बस आत वळवली.

पाळीवर अर्धं गाव उभं होतं. आनंदाबाई होती, तुलाराम गुलाल घेऊन होता, पुढे गोदावरीबाई आरतीचं ताट घेऊन. बस मोहाखाली उभी राहिली. दारात सगळ्यात पुढे कृष्णराव, त्यामुळे पहिला तोच उतरला. समोर ताट बघून तो बाजूला व्हायला लागला, तर गोदावरीबाईने त्याचं मनगट धरलं आणि त्याच्या कपाळाला कुंकू लावलं.

"मावशी, चिंधू मागं आहे," तो ओशाळून म्हणाला. "मी त हारलो."

"हारले त हारले," गोदावरीबाई ताट ओवाळत म्हणाली. "बसनं गावात त आले ना?"